सातूचा घाट आणि कालवलेला वाडगा

मागच्या महिन्यात आमच्या गटाची बैठक झाली. हप्ते गोळा झाले, वहीत सह्या-अंगठे झाले, आणि उठता उठता एका ताईंनी आपल्या दहावीतल्या लेकीची तक्रार मांडली. पोरगी मोबाईलवर कोरियाच्या मालिका बघते. त्यात एक वाडगा असतो म्हणे. खाली भात, वर पाच-सहा रंगांच्या भाज्या, मधोमध अंडं आणि लालभडक चटणी. सगळं कालवायचं आणि खायचं. "आई, मला हेच करून दे," म्हणून आठवडाभर मागे लागलेली.

आम्ही हसलो. गटातल्या थोरल्या आजी म्हणाल्या, "भात-भाजी कालवून खायला कोरियाला कशाला जायला पाहिजे?" खरंच आहे की. पण त्या पोरीने मोबाईल पुढे केला आणि दाखवलं, की वाडग्यात खाली नुसता पांढरा भात नव्हता. त्यात सातू होते, राळे होते आणि लालसर दाणे दिसत होते ते ज्वारीचे. ज्वारी म्हटल्यावर आम्ही सोलापूरकडच्या बायका पुन्हा खाली बसलो. आपल्याकडे पाहुणा आला की ज्वारी डब्यात मागे सरकवायची आणि बासमती पुढे काढायचा, आणि तिकडे कोरियात तीच ज्वारी मालिकेत? ही भानगड काय आहे ते शोधायचं ठरलं. आमच्यापैकी एकीचा बी.ए.ला इतिहास होता, त्यामुळे ते काम अर्थातच तिच्या गळ्यात पडलं. जे कळलं ते आज तुम्हाला सांगतो.

आधी एक शब्द. कोरियन भाषेत शिजवलेल्या धान्याला, म्हणजे भाताला, 'बाप' म्हणतात. हसू नका. आपण 'भाकरी' म्हणतो आणि त्यात सगळं जेवण येतं, तसं त्यांच्या 'बाप'मध्ये जेवण येतं. भेटल्यावर ते एकमेकांना "जेवलात का?" असं विचारतात, आपल्यासारखंच. कालवणे याला 'बिबिम', म्हणून कालवलेला भात तो 'बिबिमबाप'. हा मालिकेतला वाडगा. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या एका हस्तलिखित पाककृतींच्या पुस्तकात तो आढळतो. तो राजवाड्यातून आला असं कोणी सांगतं, शेतात नेलेली न्याहारी एकाच भांड्यात कालवून खायचे तिथून आला असं कोणी सांगतं, पितरांना दाखवलेला नैवेद्य नंतर सगळ्यांनी कालवून वाटून खायचा तिथून आला असंही सांगतात. आम्हाला शेतातली न्याहारी पटते, पण तो आमचा कल झाला.

आता त्यातली ज्वारी. कोरियात चांद्रवर्षाच्या पहिल्या पौर्णिमेला पाच धान्यांचा भात करतात. चिकट तांदूळ, राळे, ज्वारी, लाल चवळीसारखे दिसणारे दाणे आणि काळे सोयाबीन. सोबत आदल्या वर्षी वाळवून ठेवलेल्या भाज्या. हा भात एकट्याने खायचा नसतो. वेगवेगळ्या आडनावांच्या निदान तीन घरचा भात खाल्ला की वर्ष चांगलं जातं असं मानतात, म्हणून त्या दिवशी वाट्या या घरातून त्या घरात फिरतात. लहान लेकराच्या वाढदिवसालाही ज्वारीच्या पिठाचे लाल घुगऱ्यांत घोळवलेले गोळे करायचे, लेकराला दृष्ट लागू नये म्हणून. म्हणजे ज्वारीला तिकडे मान होता. मात्र सणापुरता. रोजच्या ताटात तिला आणि सातूला काय किंमत होती, ती गोष्ट वेगळी.

कोरिया हा डोंगरांचा देश. सपाट जमीन थोडी, थंडी कडाक्याची. भाताची खाचरं दरीत, आणि पीक वर्षातून एकदाच. पावसाळ्यानंतर भात काढायचा, त्याच जमिनीत सातू पेरायचे, ते बर्फातून तगून पुढच्या उन्हाळ्याच्या तोंडाशी पिकायचे. भात कुळाच्या हातात पडला तरी खंड आणि कर्ज भागवून घरात येई तो थोडा. पाडव्याच्या सुमारास कणगीचा तळ दिसायचा. सातू मात्र अजून शेतात हिरवे. ते पिकेपर्यंतचे ते दीड-दोन महिने काढायचे कसे? या दिवसांना कोरियन माणसाने नाव दिलं 'बोरित्कोगे'. 'बोरी' म्हणजे सातू आणि 'कोगे' म्हणजे डोंगरातला घाट. सातूचा घाट. पायात त्राण नसताना चढायचा घाट. त्या दिवसांत बायका डोंगरात जाऊन रानभाज्या खुडायच्या, मुळं खणायच्या, पाइनच्या झाडाची आतली साल सोलून आणायच्या. ती कुटून, पाण्यात भिजवून, मूठभर पिठात मिसळून शिजवायच्या. कोंड्याचा मांडा म्हणतो ना आपण, तेच. आज बिबिमबापवर ज्या चार-पाच हिरव्या भाज्या शोभेला मांडलेल्या दिसतात, त्यातल्या कितीतरी भाज्यांची ओळख कोरियन बायकांनी या घाटात पक्की केली.

1910 मध्ये जपानने कोरिया घेतला आणि 1945 पर्यंत सोडला नाही. जपानला शहरांतल्या कामगारांसाठी स्वस्त तांदूळ हवा होता. 1920 पासून कोरियात तांदूळ वाढवायची योजनाच आखली. पाटबंधारे झाले, खतं आली, पीक वाढलं. पण वाढलं त्यापेक्षा जास्त जहाजांत चढलं. गुनसान नावाचं बंदर तर या तांदळासाठीच भरभराटीला आलं. आणि पिकवणाऱ्याच्या घरी काय? मंचुरियाहून आणलेले राळे. पिकवायचं एकाने आणि खायचं दुसऱ्याने, हे आपल्याला नवीन नाही. पण आपल्या खाचरातला तांदूळ गाडीत भरताना बघायचा आणि परक्या मुलखातले राळे विकत घेऊन शिजवायचे, हे त्या बायकांनी पंचवीस वर्षं कसं केलं असेल असं वाटून जातं. राळे-सातूला गरिबीचा वास लागला तो असा. दाण्याचा त्यात काही दोष नव्हता.

1945 नंतर देशाचे दोन तुकडे झाले आणि 1950 ते 1953 लढाई झाली. आम्ही पुढे बोलतो ते दक्षिण कोरियाबद्दल. लढाईने होतं नव्हतं ते गेलं. सातूचा घाट आता आणखी उंच झाला.

आता चुलीकडे येऊ. सातू लवकर शिजत नाहीत. म्हणून कोरियन बाई ते आधी एकदा उकडून टोपलीत काढून ठेवायची, टोपली हवेला टांगायची, आणि जेवणाच्या वेळी तेच पुन्हा भांड्यात घालून शिजवायची. तांदूळ असायचा मूठभर. तो सातूत मिसळायचा नाही, वर एका बाजूला ठेवायचा. शिजला की त्या बाजूचा पांढरा भात आधी सासऱ्याच्या वाडग्यात, मग नवऱ्याच्या, मग थोरल्या मुलाच्या. नंतर सगळं ढवळायचं आणि लेकरांना वाढायचं. बाईच्या वाट्याला तळचे सातू. त्याच्याही खाली बुडाला धरलेली खरवड, तिच्यात गरम पाणी ओतून ते पाणी प्यायचं. तिथल्या म्हाताऱ्या माणसांच्या आठवणींत हे भांडं पुन्हा पुन्हा येतं. आम्ही हे बैठकीत वाचून दाखवलं तेव्हा कोणी काही बोललं नाही. दूध, तूप, मटणाचा चांगला तुकडा कोणाच्या ताटात जातो आणि रस्सा कोणाच्या, हे कोरियाकडून शिकायची आपल्याला गरज नाही.

1961 मध्ये लष्करी अधिकारी पार्क चुंग-ही यांनी सत्ता घेतली. देशात तांदूळ कमी, अमेरिकेतून मदतीचा गहू मुबलक. सरकारने मोहीम काढली: भातात दुसरं धान्य मिसळा आणि पिठाचे पदार्थ खा. आधी सांगून पाहिलं, मग सक्ती केली. हॉटेलवाल्याने भातात पाव हिस्सा सातू किंवा दुसरं काही मिसळायचं. 1969 पासून बुधवारी आणि शनिवारी सकाळी 11 ते संध्याकाळी 5 हॉटेलात भात विकायचाच नाही. तांदळाची गावठी दारू तर आधीच बंद केलेली. शाळेत गुरुजी जेवणाच्या सुट्टीत डबे उघडायला लावायचे. डब्यात पुरेसे सातू दिसले नाहीत तर ओरडा, छडी. मग ज्यांच्या घरी बऱ्यापैकी तांदूळ होता त्या आया काय करायच्या, तर खाली पांढरा भात आणि वर सातूचा पातळ थर पसरायच्या. आणि ज्या घरी तांदूळ नव्हताच, त्या पोरांच्या डब्यात वरपासून खालपर्यंत सातूच. एरवी लाजून झाकण अर्धं उघडून खाणारी ती पोरं तपासणीच्या दिवशी मात्र डबा उघडा टाकून बसायची.

मोहीम वाईट होती असं आम्ही म्हणत नाही. तांदूळ नव्हता, हे खरं होतं. पण तिचा सगळा रोख घरातल्या बाईवर होता. पाककृतींचे वर्ग बाईला, भाषणं बाईला, डबा चुकला तर बोल बाईला. वर्षानुवर्षं जी मिश्र धान्यच रांधत आली, तिलाच मिश्र धान्य कसं रांधायचं ते शिकवत होते. आपल्याकडेही कधी कधी कोणी साहेब येऊन आम्हाला नाचणीचे फायदे सांगतात, तेव्हा असंच ओठांत हसू येतं.

या सगळ्यात आम्हाला सगळ्यात जवळची वाटली ती एका मडक्याची गोष्ट. 1970 मध्ये तिथे 'सेमाउल', म्हणजे नवं गाव, अशी चळवळ सरकारने सुरू केली. गावोगावी बायकांची मंडळं झाली. या मंडळांनी एक जुनीच रीत धरली. चुलीजवळ एक छोटं मडकं ठेवायचं. दर वेळी तांदूळ मोजून घेतले की भांड्यात टाकण्याआधी त्यातला एक चमचा काढून त्या मडक्यात टाकायचा. एक चमचा कमी पडला तर कोणी उपाशी राहत नाही. महिनाअखेर सगळ्यांची मडकी एकत्र ओतायची, तांदूळ विकायचा आणि पैसे मंडळाच्या नावाने जमा करायचे. त्या पैशांवर गावात मंडळाचं दुकान निघालं, अडलेल्या बाईला कर्ज मिळालं. आपण पूर्वी मूठ-मूठ धान्य बाजूला काढायचो, तेच. फक्त आपली मूठ, त्यांचा चमचा.

जुनी रीत म्हणालो ती उगाच नाही. 1907 मध्ये कोरियावर जपानचं 1 कोटी 30 लाख वोन कर्ज होतं. ते लोकांनीच फेडून टाकू म्हणून देगू शहरातून चळवळ उठली. पुरुषांनी तंबाखू सोडायचं ठरवलं. बायका पुढे आल्या आणि म्हणाल्या, आम्ही तंबाखू ओढत नाही, मग आम्हाला का वगळलं? त्यांनी अंगठ्या-काकणं दिली, कालवण-भाजीत काटकसर करून पैसे जमवले. कर्ज फिटलं नाही, तीन वर्षांत देशही गेला. पण बायकांनी स्वतःच्या नावाने मंडळं काढून पैसा उभा केला, ही गोष्ट राहिली.

पुढे तांदळाचं कोडं सुटलं ते बियाण्याने. फिलिपाइन्समधल्या आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेच्या मदतीने कोरियन शास्त्रज्ञ हो मुन-ह्वे यांनी 'तोंगिल' नावाचं वाण काढलं. 1972 पासून ते सरकारने गावोगाव लावायला लावलं. उतारा भरपूर, पण भात मोकळा, आणि कोरियन माणसाला चिकट भात लागतो. थंडीलाही ते कच्चं. तरी 1977 पर्यंत देश तांदळात आपल्या पायावर उभा राहिला आणि तांदळाची गावठी दारू पुन्हा सुरू झाली. 1980 च्या थंड उन्हाळ्यात मात्र पीक बसलं, आणि हळूहळू तोंगिल मागे पडलं.

हेच 1972 आपल्याकडे दुष्काळाचं वर्ष. खडी फोडायला गेलेल्या बायका, सुकडी, आणि रेशनवरची लाल मिलो ज्वारी. आमच्या आजींना ती मिलो आठवते. "त्या लाल भाकरीने तोंडाची चव गेली," असं त्या म्हणतात. नंतर रेशनवर गहू-तांदूळ स्वस्त मिळू लागला आणि ज्वारीचं क्षेत्र आटत गेलं. कोरियातही तांदूळ मुबलक होताच सातू एका पिढीत ताटातून उठले. ज्या म्हाताऱ्या माणसांनी लहानपणी सातूचा घाट चढला, त्यांतले कितीतरी जण आजही सातूचा भात तोंडाला लावत नाहीत. खायचे तेवढे खाऊन झाले, असं म्हणतात.

त्यांची नातवंडं मात्र पैसे मोजून तोच भात खातात. ग्वांगजू शहराजवळच्या मुदुंग डोंगराच्या पायथ्याशी सातूच्या भाताची हॉटेलं ओळीने आहेत. डोंगर चढून उतरलेली मंडळी तिथे बसून सातूचा भात, दहा तऱ्हेच्या भाज्या आणि लाल चटणी मोठ्या वाडग्यात कालवून खातात. साखरेच्या आजारात बरं, पोटाला बरं, म्हणून. 1970 मध्ये कोरियात माणशी वर्षाला सुमारे 136 किलो तांदूळ लागायचा. 2023 मध्ये तो 56 किलोंवर आला. ज्या सरकारने डबे तपासले, तेच आता लोकांना तांदूळ खा म्हणून विनवतं. आपल्याकडे 2023 हे भरडधान्याचं आंतरराष्ट्रीय वर्ष झालं, भारतानेच ते संयुक्त राष्ट्रांकडे मागितलं होतं, आणि शहरातल्या दुकानांत राळे तांदळाहून महाग झाले. पिकवणारीला त्यातलं किती मिळालं, ते तुमच्या-आमच्या पावत्यांवर लिहिलेलं आहे.

लाल चटणीचं राहिलं. तिला 'गोचुजांग' म्हणतात. तिखट, चिकट तांदळाचं पीठ, सोयाबीनच्या आंबवलेल्या वड्यांची पूड आणि मीठ मातीच्या मोठ्या रांजणात कालवून महिनोन्महिने उन्हात मुरवतात. 2024 मध्ये या आंबवण्याच्या विद्येला युनेस्कोने अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत जागा दिली. पण मिरची मूळची तिथली नाही. ती अमेरिका खंडातली. पोर्तुगीज व्यापाऱ्यांनी ती आपल्याकडे गोव्यात उतरवली आणि तिकडे जपानला नेली. कोरियात ती 16व्या शतकाच्या अखेरीस पोचली. म्हणजे आपली ठेचा आणि त्यांची चटणी एकाच जहाजवाल्यांच्या घरची.

तर आम्ही तो वाडगा केला. गेल्या गुरुवारी, बैठकीच्या दिवशी, त्या पोरीसकट. पहिल्या खेपेला फसलो. ज्वारी तांदळाबरोबरच कुकरला लावली आणि ती दाताखाली खड्यासारखी आली. मग कोरियन बायकांची दोनदा शिजवायची रीत आठवली. दोन वाट्या तांदळाला अर्धी वाटी ज्वारी आणि अर्धी वाटी सातू रात्रभर भिजवले. सकाळी ते दोन्ही आधी वेगळे, सहा-सात शिट्ट्या देऊन शिजवले, निथळले. मग धुतलेले तांदूळ आणि अर्धी वाटी राळे त्यांत मिसळून पुन्हा नेहमीसारखा भात लावला. सातू मिळाले नाहीत तर नुसती ज्वारी चालते.

भाज्या मात्र एकत्र करायच्या नाहीत. पालक उकळत्या पाण्यात बुडवून लगेच काढायचा, पिळायचा, त्याला लसूण, मीठ आणि भाजून कुटलेले तीळ चोळायचे. मोड आलेले मूग तसेच, जरा लांब मोड येऊ द्यायचे. गाजराच्या काड्या थोड्या तेलावर परतायच्या. काकडी मीठ लावून पिळायची. आम्ही शेवग्याचा पालाही केला, तो सगळ्यांत आधी संपला. अंडं खाणाऱ्यांनी अंडं, नसेल तर परतलेलं पनीर. चटणीसाठी चार चमचे बेडगीचं तिखट, दोन चमचे किसलेला गूळ, दोन चमचे तिळकूट, दोन पाकळ्या लसूण, मीठ, लिंबू आणि गरम पाणी, दाट होईल इतकंच. हे गोचुजांग नव्हे, त्याला मुरलेली चव नाही. पण कालवायला छान लागतं.

वाढायच्या आधी भात तळापासून ढवळून घेतला, पांढरा एकीकडे आणि ज्वारी एकीकडे असं काही ठेवलं नाही. चौदा वाडगे एका रांगेत मांडले आणि सगळ्यांत सारखा भरला. त्या पोरीने आपल्या वाडग्याचा फोटो काढला, चार वेळा, तोवर आमचं अर्धं जेवण झालं होतं.

आजींनी आधी वाडगा बाजूला सारला. "ज्वारीच्या कण्या खाल्ल्या तेवढ्या पुरे झाल्या," म्हणाल्या. कोणी आग्रह केला नाही. थोड्या वेळाने त्यांनी कुकरच्या बुडाची खरवड मागितली, तिच्यात गरम पाणी ओतून घेतलं, आणि मग हळूच वाडगा पुढे ओढून बोटांनी कालवायला लागल्या. दोन घास खाऊन म्हणाल्या, "चटणीला मीठ कमी आहे." आम्ही मीठ पुढे केलं.